साऱ्या गावाला माहीत होतं: नऊ मतांच्या एका निवडणूक अर्जाची कहाणी

ताई माझ्या ऑफिसात आल्या तो दिवस १९ जानेवारी २०२१. आदल्या दिवशी तहसीलच्या आवारात मतमोजणी झाली होती आणि प्रभाग ३ मध्ये त्या नऊ मतांनी पडल्या होत्या. सोबत दीर, भाचा आणि गावातली पाच-सहा माणसं. खुर्चीत टेकायच्या आधीच दीर म्हणाले, "साऱ्या गावाले मालूम हाय, वकील साहेब. कोनाले बी इचारा."

पुढची चार वर्षं या प्रकरणात मी जे काही केलं, ते त्या एका वाक्याशी झुंजण्यात गेलं. साऱ्या गावाला माहीत असलेली गोष्ट न्यायालयाला माहीत नसते. ती सांगायला शपथेवर उभं राहणारं एक माणूस लागतं आणि उलटतपासात ते माणूस टिकावं लागतं. गावातली शंभर माणसं पारावर जे छातीठोकपणे सांगतात, त्यातली पिंजऱ्यात किती उभी राहतील हे मोजण्याचं काम आधी करायचं असतं. बहुतेक निवडणूक अर्ज, म्हणजे निवडीला न्यायालयात आव्हान देणारे अर्ज, तिथेच हरतात, कारण ते काम कुणी करत नाही.

गाव यवतमाळ जिल्ह्यातलं. गावाचं आणि माणसांची नावं देत नाही, ओळख पटेल असे तपशीलही बदलले आहेत.

त्या जानेवारीत राज्यातल्या १४,२३४ ग्रामपंचायतींचा निवडणूक कार्यक्रम लागला होता. मतदान १५ तारखेला, म्हणजे संक्रांतीच्या दुसऱ्या दिवशी. कापसाची वेचणी चालू, तूर सोंगणीला आलेली. प्रभाग ३ मध्ये गावठाणातल्या दोन गल्ल्या आणि तीन किलोमीटरवरचं कोलाम पोड, म्हणजे कोलाम आदिवासींची वस्ती, येतं. मतदान केंद्र गावातल्या जिल्हा परिषदेच्या शाळेत. पोडावरून शाळेत यायचं तर वावरांमधून पायवाट आहे, नाहीतर फेऱ्याचा डांबरी रस्ता. वेचणीची मजुरी बुडवून म्हातारी माणसं चालत येतील का, यावर त्या प्रभागाचा निकाल ठरणार होता आणि दोन्ही पॅनलना ते पक्कं ठाऊक होतं.

ताईंच्या तक्रारी तीन होत्या. एक, संक्रांतीच्या संध्याकाळी विजयी उमेदवाराच्या घरी हळदीकुंकू झालं आणि वाण म्हणून दिलेल्या स्टीलच्या डब्यात पाचशेची नोट होती. दोन, मतदानाच्या दिवशी टाटा मॅजिकने पोडावरची माणसं शाळेपर्यंत आणून सोडली. तीन, "मत नाही दिलं तर घरकुलाच्या यादीतून नाव जाईल" असं प्रचारात सांगितलं गेलं.

ऐकताना तिन्ही सारख्याच वजनाच्या वाटतात. ताईंच्या मनात तर वाणाची गोष्ट सगळ्यात मोठी होती, कारण तिचाच राग गावभर होता. मी वहीत तीन रकाने पाडले: काय घडलं, कोणी पाहिलं, आणि पाहणारा न्यायालयात येईल का. तिसरा रकाना भरताना खोलीतला आवाज कमी कमी होत गेला.

पंधरा दिवस

ग्रामपंचायतीच्या निवडणुकीला आव्हान द्यायचं ते महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियम, १९५८ च्या कलम १५ खाली, त्या भागाच्या दिवाणी न्यायाधीश, कनिष्ठ स्तर यांच्याकडे. निवडणूक लढवलेला कोणीही किंवा त्या निवडणुकीत मतदानाचा हक्क असलेला कोणीही अर्ज करू शकतो. मुदत निकाल जाहीर झाल्यापासून पंधरा दिवस. आमदार-खासदारांच्या निवडणुकीसाठी लोकप्रतिनिधित्व कायदा, १९५१ आहे. तिथे अर्ज थेट उच्च न्यायालयात जातो, मुदत ४५ दिवस असते, २,००० रुपये अनामत भरावी लागते आणि भ्रष्ट आचरणाचा आरोप असेल तर ठरावीक नमुन्यातलं वेगळं शपथपत्र जोडावं लागतं. गावच्या माणसाला त्या मानाने कागद कमी लागतात. पण वेळही त्याच्याकडे एक तृतीयांशच असतो.

भ्रष्ट आचरण म्हणजे काय, तेही कलम १५ मध्येच सांगितलं आहे. मतदाराला मत द्यायला किंवा न द्यायला प्रवृत्त करण्यासाठी पैसे अथवा मोलाची वस्तू देणं किंवा देऊ करणं, वैयक्तिक फायद्याचं वचन देणं, इजा करण्याची धमकी देणं. कोणाला उभं राहण्यासाठी किंवा माघार घेण्यासाठी असंच आमिष वा धमकी देणं. आणि मतदारांना मतदान केंद्रावर नेण्या-आणण्यासाठी, पैसे देऊन असो वा नसो, वाहन भाड्याने घेणं किंवा मिळवणं. कृत्य उमेदवाराने स्वतः केलेलं असावं, किंवा त्याच्या माहितीने व संमतीने, किंवा त्याने अधिकार दिलेल्या माणसाने केलेलं असावं. या शेवटच्या अटीवर जितके अर्ज पडतात, तितके दुसऱ्या कशावरही पडत नाहीत.

१८ जानेवारीपासून पंधरा दिवस म्हणजे २ फेब्रुवारी. मधे शनिवार-रविवार आणि २६ जानेवारी. या मुदतीत फक्त वकीलपत्र आणि अर्ज तयार करून भागत नाही. प्रत्येक आरोपाची घटना तारीख, वेळ, जागा आणि माणसांसह लिहावी लागते. १९६७ च्या दक्षिण मुंबई लोकसभा निवडणुकीवरून उभ्या राहिलेल्या समंत बाळकृष्ण विरुद्ध जॉर्ज फर्नांडिस या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९६९ साली सारभूत तथ्यं आणि तपशील यांतला फरक समजावून सांगितला. तपशील नंतर भरता येतो, पण मूळ तथ्यच अर्जात नसेल तर आरोप उभाच राहत नाही. मुदत संपल्यावर नवा आरोप घुसवता येत नाही. तो खटला लोकसभेचा होता आणि कायदाही वेगळा. पण भ्रष्ट आचरणाचा आरोप आला की तालुक्याचं न्यायालयही हाच काटा वापरतं. समोरच्या माणसाला नेमकं कशाचं उत्तर द्यायचं आहे हे कळलं पाहिजे, आणि तो त्याचा हक्कच आहे.

म्हणून पहिल्या आठवड्यात मी ताईंना आणि भाच्याला एकच काम दिलं. गावात कुणाशी वाद घालायचा नाही, सोशल मीडियावर काही टाकायचं नाही. ज्याने डोळ्यांनी पाहिलं तेवढ्याच माणसाकडे जायचं आणि पाच प्रश्न विचारायचे: किती वाजले होते, तुम्ही कुठे उभे होता, कोण होतं, काय बोलणं झालं, आणि हे तुम्ही त्याच दिवशी कोणाला सांगितलं.

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर सोन्याच्या मोलाचं निघालं. मतदानाच्या दिवशी ताईंचा मतदान प्रतिनिधी केंद्राध्यक्षांकडे गेला होता. त्याने वहीचं अर्धं पान फाडून तक्रार लिहिली होती: गाडीचा नंबर, "पोडातून मतदार आणत आहेत" आणि वेळ, ११.१०. खाली केंद्राध्यक्षांची आद्याक्षरं घेतली होती. निकाल लागायच्या तीन दिवस आधीचा हा कागद. हरल्यावर सुचलेली तक्रार आणि घटना घडताना केलेली तक्रार यांत न्यायालय फार मोठा फरक करतं. पुढे केंद्राध्यक्षांच्या डायरीची प्रमाणित प्रत मिळवली, तिच्यातही त्या वेळेची एक ओळ होती.

१ फेब्रुवारीला, सोमवारी, अर्ज दाखल झाला. एक दिवस हातात ठेवून.

घरकुल: मी केलेली चूक

घरकुलाच्या धमकीचा परिच्छेद मी ३१ जानेवारीच्या रात्री घातला. दीर आग्रह करत होते, "हे बी टाका, हे तं सगळ्यात मोठं हाय." धमकी कोणाला, कधी, कुठे, याचं एकही ठाम उत्तर तोपर्यंत मिळालेलं नव्हतं. मी लिहिलं: "प्रचाराच्या काळात गैरअर्जदाराने ठिकठिकाणी मतदारांना धमकावले." हे वाक्य मी लिहायला नको होतं. पहिल्याच सुनावणीत समोरच्या वकिलांनी त्यावर बोट ठेवलं. तपशील द्यायला पुढे गेलो तेव्हा पोडावरच्या दोघांनी सांगितलं की असं बोलणारा उमेदवार नव्हताच, दुसऱ्याच प्रभागातला पॅनलचा माणूस होता. उमेदवाराची संमती दाखवायला काहीही नव्हतं. आरोप पडला, आणि पडताना त्याने बाकीच्या अर्जालाही थोडी धूळ लावली. पुढे उलटतपासात प्रत्येक साक्षीदाराला विचारलं गेलं, "हे घरकुलाचं जसं खोटं निघालं, तसंच हेही आहे ना?"

पक्षकाराचं मन राखायला घातलेला कमजोर आरोप चांगल्या आरोपाचं रक्त पितो. तेव्हापासून मी तसा परिच्छेद घालत नाही, पक्षकार उठून दुसऱ्या वकिलाकडे गेला तरी.

वाण

विदर्भात संक्रांतीपासून रथसप्तमीपर्यंत घरोघर हळदीकुंकू असतं. बायका एकमेकींकडे जातात, तिळगूळ आणि वाण घेतात. वाटी, डबा, गाळणी, कंगवा, ज्याची जशी ऐपत. त्या वर्षी संक्रांत मतदानाच्या आदल्या दिवशी आली. विजयी उमेदवाराच्या पत्नीने हळदीकुंकू ठेवलं आणि डबे दिले, हे समोरच्या बाजूनेही नाकारलं नाही. ते म्हणाले, आम्ही दरवर्षी करतो.

आमच्याकडे चार बायकांची प्रतिज्ञापत्रं होती. डब्यात नोट होती आणि "उद्या लक्षात ठेवजा" असं देताना म्हटलं गेलं, असं त्या सांगत होत्या. पिंजऱ्यात चौघींपैकी दोघी आल्या. पहिली म्हणाली, डबा मिळाला, नोट नव्हती. तिचा नवरा त्याच उमेदवाराच्या वावरात सालाने आहे. तिने तसं का म्हटलं हे मला कळतं आणि तिच्याबद्दल माझ्या मनात राग नाही. न्यायालय संध्याकाळी बंद होतं, तिला मात्र त्याच गावात राहायचं असतं. दुसरी ठाम राहिली. पण तिला एकच प्रश्न आला: अर्जदाराची धाकटी जाऊ त्या हळदीकुंकवाला होती का? होती. तिलाही डबा मिळाला का? मिळाला. तिच्या डब्यात नोट होती का? ते मला माहीत नाही.

तिथे आरोप संपला. विरोधी उमेदवाराच्या घरच्या सुनेलाही जे वाण मिळालं, प्रभागाबाहेरच्या बायकांनाही मिळालं, ते मत विकत घेण्यासाठी होतं असं म्हणायला नोट सिद्ध व्हायला हवी होती. डबा जप्त झाला नव्हता. भरारी पथकाला कुणी फोन केला नव्हता, पोलिसांत तक्रार नव्हती. निवडणुकीतली लाच हा तेव्हाच्या भारतीय दंड संहितेच्या कलम १७१-ई खाली गुन्हा होता, तरी त्या रात्री कोणीच ठाण्याची पायरी चढलं नाही. साऱ्या गावाला माहीत असलेली गोष्ट दोन बायकांच्या साक्षीत विरून गेली.

हे फक्त आमच्याच अर्जाचं झालं असं नाही. रायबरेलीच्या १९७१ च्या निवडणुकीवर राजनारायण यांनी जो अर्ज केला, त्यात रजया, घोंगड्या, धोतरं आणि दारू वाटल्याचा आरोप होता. मतदारांना वाहनांनी आणल्याचाही होता. अलाहाबाद उच्च न्यायालयाने १२ जून १९७५ रोजी इंदिरा गांधींची निवड रद्द केली ती या आरोपांवर नाही. ती रद्द झाली ती सरकारी नोकराची मदत घेतल्याच्या आणि सरकारी यंत्रणेकडून सभेची व्यासपीठं व ध्वनिक्षेपकांची वीज मिळवल्याच्या दोन मुद्द्यांवर. त्या दोन गोष्टींना सरकारी कागद होते, घोंगडीला नव्हता. पुढे कायदाच बदलला आणि सर्वोच्च न्यायालयाने त्याच वर्षी ७ नोव्हेंबरला तो निकाल फिरवला, तो इतिहास वेगळा. पण काय सिद्ध होतं आणि काय होत नाही, याचा धडा म्हणून मी तो निकाल नव्या वकिलांना वाचायला सांगतो.

मॅजिक

आता उरली गाडी. खरं प्रकरण इथे आहे.

गाडी आली आणि माणसं उतरली, एवढं सिद्ध करणं सोपं. पण कायद्याला चार गोष्टी हव्यात. वाहन भाड्याने घेतलं किंवा मिळवलं. ते मतदारांना नेण्या-आणण्यासाठी होतं. येणं-जाणं मतदान केंद्राशी जोडलेलं होतं. आणि हे उमेदवाराने केलं, किंवा त्याच्या माहितीने व संमतीने झालं. चारपैकी एक कडी निखळली तरी सगळा आरोप जातो. भ्रष्ट आचरणाचा आरोप न्यायालयं फौजदारी आरोपासारखाच पारखतात. शक्यता जास्त आहे एवढ्याने भागत नाही, वाजवी शंका उरली तर फायदा निवडून आलेल्याला.

गाडीचा व्हिडिओ गावातल्या तीन ग्रुपवर फिरत होता. तो आमच्या काहीच कामाचा नव्हता. कुणी काढला, कधी काढला, मधे कापला का, सांगणारं कोणी नाही. भाच्याने शोध घेतला आणि मूळ काढणारा पोरगा सापडला, बारावीचा. २२ सेकंदांची चित्रफीत त्याच्या फोनमध्ये जशीच्या तशी होती. मी त्याला एवढंच सांगितलं: हा फोन विकायचा नाही, फॉरमॅट करायचा नाही, चित्रफीत खोडायची नाही. त्याने तो फोन कपाटात ठेवला आणि साक्ष होईपर्यंत बटणाचा फोन वापरला. त्या वयाच्या पोरासाठी ही लहान गोष्ट नव्हे.

इलेक्ट्रॉनिक पुराव्याचा मुद्दा तेव्हा ताजा होता. जालन्याच्या २०१४ च्या विधानसभा निवडणुकीवरून झालेल्या अर्जुन खोतकर विरुद्ध कैलास गोरंट्याल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १४ जुलै २०२० रोजी सांगितलं होतं की चित्रफितीची नक्कल द्यायची तर पुरावा कायद्याच्या कलम ६५-ब चं, नक्कल कुठल्या उपकरणातून कशी निघाली हे सांगणारं, प्रमाणपत्र हवंच. पण मूळ उपकरणच हजर केलं आणि त्याचा मालक पिंजऱ्यात उभा राहिला, तर प्रमाणपत्राची गरज नाही. म्हणून पोराने फोन आणला, स्वतः उघडला आणि न्यायाधीशांसमोर चित्रफीत चालवली. (आता भारतीय साक्ष अधिनियम लागू आहे. १ जुलै २०२४ पासून प्रमाणपत्राचा नमुना दोन भागांचा झाला असून त्यात फाइलची हॅश किंमत, म्हणजे फाइल बदललेली नाही हे पडताळण्याचा सांकेतिक आकडा, द्यावी लागते. जुन्या नमुन्यावर विसंबू नका.)

चित्रफितीत गाडीचा नंबर दिसतो, शाळेची भिंत दिसते, लुगडं नेसलेल्या पाच-सहा बायका उतरताना दिसतात. उमेदवार कुठेच दिसत नाही. म्हणजे चारपैकी दोन कड्या जुळल्या.

समोरच्यांनी बचाव चांगला घेतला होता. ते म्हणाले, ही माणसं बाजाराला आली होती, गावाचा आठवडी बाजार शुक्रवारी भरतो, आणि भाडं त्यांनी आपापसात काढलं. १५ जानेवारीला शुक्रवारच होता. ऐकताना मलाही धडकी भरली. मग आठवलं, मतदानाच्या दिवशी जिल्हाधिकारी १८६२ च्या मार्केट अँड फेअर कायद्याखाली आठवडी बाजार बंद ठेवण्याचा आदेश काढतात. तहसीलमधून त्या आदेशाची प्रमाणित प्रत घेतली. गावाचं नाव यादीत होतं. ज्या दिवशी बाजारच भरला नाही, त्या दिवशी लोक बाजाराला आले नव्हते.

भाड्याचा मुद्दा पोडावरच्या एका आजीने निकाली काढला. तिला न्यायालय म्हणजे काय हे ठाऊक नव्हतं आणि कुणाची भीतीही नव्हती. मी तिला मत कोणाला दिलं हे विचारलं नाही. ते गुप्त आहे, विचारताही येत नाही, आणि या आरोपाला त्याची गरजही नाही. मी विचारलं, गाडीचे पैसे किती दिले? ती म्हणाली, "आमाले कोनी पैसे मांगले नाई, आमी देल्ले नाई." समोरच्या वकिलांनी तिला तीनदा फिरवून विचारलं. तिन्ही वेळा तेच वाक्य, शब्दही न बदलता.

राहिली शेवटची कडी: गाडी कोणी लावली.

गाडीचा मालकच गाडी चालवतो. तो आमच्याकडे आपणहून आला नाही. भाच्याला कळलं होतं की त्याचं त्या दिवसाचं भाडं अजून मिळालेलं नाही आणि तो हिशेबाची वही ठेवतो. आम्ही त्याला वहीसकट साक्षी समन्स काढलं. वही साधी, लाल पुठ्ठ्याची, चार वर्षांच्या फेऱ्या तारीखवार. १५ तारखेची ओळ अशी: "पोड ते शाळा, ६ फेऱ्या, १८००, भाऊ."

भाऊ. विदर्भातल्या कोणत्याही गावात भाऊ पन्नास असतात. मालक शपथेवर म्हणाला, भाऊ म्हणजे उमेदवार, आदल्या संध्याकाळी पानठेल्यापाशी त्यांनीच सांगितलं. पण त्याचं भाडं थकलेलं होतं, म्हणजे राग होता. शिवाय तो स्वतः त्या कृत्यात सामील होता. अशा साक्षीदाराच्या एकट्या शब्दावर कोणताही न्यायाधीश निवडणूक रद्द करणार नाही, आणि करूही नये. मोबाइल कंपनीकडून मागवलेल्या नोंदींत मतदानाच्या सकाळी दोघांचे तीन फोन दिसले. फोनवर काय बोलले हे नोंदीत नसतं.

वहीचं आधीचं पान मी शंभरदा तरी चाळलं असेन. ८ आणि ९ जानेवारीच्या ओळी होत्या: "प्रचार, २ दिवस, ३०००, भाऊ, जमा." म्हणजे भाडं मिळालं. मग हे ३,००० गेले कुठून? उमेदवाराला निवडणूक खर्चाचा हिशेब निकालानंतर ३० दिवसांत द्यावा लागतो. तो हिशेब आमची पंधरा दिवसांची मुदत संपल्यावर दाखल झाला होता, त्यामुळे अर्जात त्याचा उल्लेख असणं शक्यच नव्हतं. पण तथ्य अर्जात लिहावं लागतं, पुरावा नंतर आणता येतो. गाडी उमेदवाराने लावली हे तथ्य आम्ही नंबर, वेळ आणि फेऱ्यांसह लिहिलेलं होतं. तहसीलमधून हिशेबाची प्रमाणित प्रत काढली. त्यात विजयी उमेदवाराच्याच सहीने नोंद: प्रचारासाठी वाहन भाडे, दोन दिवस, ८ व ९ जानेवारी, रुपये ३,०००, त्याच मॅजिकचा नंबर आणि मालकाची पावती.

त्या वहीतला ८ तारखेचा भाऊ कोण, हे उमेदवाराने स्वतःच सरकारला लिहून दिलं होतं. मग १५ तारखेचा भाऊ दुसरा कोण?

उलटतपासात मी त्यांना हा कागद दाखवला. सही तुमची? हो. गाडीचा नंबर हाच? हो. या मालकाकडे तुमच्या पॅनलमधल्या आणखी कोणाचा व्यवहार होता? थोडं थांबून उत्तर आलं, "मला माहीत नाही." यापुढे मी एकही प्रश्न विचारला नाही.

१,८०० रुपये दिलेच नाहीत, मग भाड्याने घेतली कशी, असाही युक्तिवाद झाला. कायद्यात "पैसे देऊन असो वा नसो" हे शब्द मुद्दाम घातलेले आहेत. थकलेलं भाडं हेही भाडंच.

निकाल

करोनाची दुसरी लाट, न्यायालयांचं अर्धवट कामकाज, दोन बदल्या. निकाल यायला २०२३ चा पावसाळा उजाडला. न्यायाधीशांनी घरकुल आणि वाण हे दोन्ही आरोप सिद्ध होत नाहीत असं लिहिलं. वाणाबद्दल लिहिताना एक ओळ अशी आहे की प्रथेच्या आडून लाच दिली जाऊ शकते, पण प्रथेवरून लाच गृहीत धरता येत नाही. वाणावर आम्ही हरलो, तरीही ही ओळ मला योग्य वाटते. गाडीचा आरोप सिद्ध झाला. निवड रद्द, आणि त्या जागेसाठी होणाऱ्या नव्या निवडणुकीपुरता उमेदवार अपात्र.

सहा फेऱ्यांत किती माणसं आली, त्यातली नऊ मतं फिरली का, या हिशेबात न्यायालय शिरलंच नाही. भ्रष्ट आचरण उमेदवाराचं स्वतःचं असेल तर निकालावर किती परिणाम झाला हे दाखवावं लागत नाही. आमदारकीच्या कायद्यातही तसंच आहे. उमेदवाराच्या संमतीशिवाय दुसऱ्या प्रतिनिधीने केलेलं असेल, तरच निकाल प्रत्यक्ष बदलला हे सिद्ध करण्याचं ओझं येतं, आणि ते ओझं जवळजवळ न पेलणारं आहे. म्हणून संमतीची कडी मिळेल तिथे सगळी ताकद लावायची.

ताईंना वाटत होतं की आता त्याच सदस्य होतील. तसं होत नाही, जागा रिकामी होते. हे मी पहिल्या दिवशी सांगितलं होतं, पण चार वेळा सांगायला हवं होतं. निकालाच्या दिवशी त्यांच्या चेहऱ्यावरचा आनंद पाच मिनिटांत मावळला तो मला बघवला नाही.

कलम १५ खालच्या निर्णयावर नेहमीचं अपील नाही, म्हणून समोरची बाजू रिट याचिका घेऊन नागपूर खंडपीठात गेली. सुरुवातीला स्थगिती मिळाली. त्या काळात विजयी उमेदवार सभांना बसत राहिले, ठरावांवर सह्या करत राहिले. २०२५ च्या मार्चमध्ये याचिका फेटाळली गेली: वही, खर्चाचा हिशेब आणि आजीची साक्ष यांवरून काढलेला निष्कर्ष शक्य आणि वाजवी आहे, रिटमध्ये पुरावा पुन्हा तोलता येत नाही. तेव्हा पंचायतीच्या मुदतीचं वर्षसुद्धा उरलं नव्हतं. पोटनिवडणूक लागलीच नाही. जागा मुदत संपेपर्यंत रिकामी राहिली. ज्या नव्या निवडणुकीपुरती अपात्रता होती, ती निवडणूकच झाली नाही.

लोकप्रतिनिधित्व कायद्यात निवडणूक अर्ज सहा महिन्यांत संपवण्याचा प्रयत्न करावा असं लिहिलेलं आहे, तरी तिथेही वर्षं जातात. गावच्या अर्जाला तेवढंही बंधन पाळलं जात नाही. पंधरा दिवसांत सगळं लिहून आणा म्हणून नागरिकाला वेठीला धरणारी व्यवस्था स्वतः चार वर्षं घेते, हे मला पटत नाही आणि कधी पटणारही नाही.

गेल्या उन्हाळ्यात मॅजिकचा मालक माझ्याकडे आला. त्याला वही परत हवी होती. अर्ज केला, प्रमाणित नक्कल ठेवून मूळ वही मिळाली. पुठ्ठ्यावर निशाणीचा, म्हणजे न्यायालयातल्या पुराव्याच्या क्रमांकाचा, शिक्का, न्यायाधीशांची सही, तारीख. त्याने शिक्क्याकडे पाहिलंही नाही. उभ्या उभ्याच उधारीची पानं काढली आणि बोटाने एकेक नाव मोजत गेला.